दुभरती : आवेळ बेटांच्या सुकाणू-सोपवणीचे मिष्टान्न (प्रकल्प नोंदी)

३ जून

आवेळ बेटांच्या कल्पित जगात आकाशात दोघी आहेत, थोरली आणि धाकटी. दोन्ही चंद्रांची ओढ एका रेषेत आली की मेळभरती येते. त्या रात्री जुना सुकाणूदार बोटीचे सुकाणू नव्याच्या हाती देतो. या सोपवणीचे ताट म्हणजे दुभरती. प्रकल्पात दोन कामे एकत्र आहेत. जगाच्या नोंदवहीत या पक्वान्नाची रीत लिहायची, आणि ती रीत खऱ्या स्वयंपाकघरात तंतोतंत पार पडली पाहिजे.

अट एकच ठेवली आहे: विधीतली प्रत्येक कृती भांड्यात जे घडते त्यातूनच निघाली पाहिजे. कल्पित जगातली पक्वान्ने बहुतेकदा इथेच फसतात. नावे सुंदर असतात, रंग भरपूर असतात, पण चमचा लावल्यावर काय होईल याचा पत्ता नसतो.

जगाचे नियम असे: बेटांवर गुरे नाहीत, म्हणजे दूध, तूप, जिलेटिन काही नाही. ऊस नाही. समुद्रशेवाळ अमाप, मध आहे, जव पिकतो, हिवाळा कडक. यातून चार भाग ठरले. तळाला सच्छिद्र, करकरीत खडप, त्यावर पांढरा थर, त्यावर पातळ निळा थर आणि विधीच्या वेळी वरून ओतायचा आंबट-गोड पाक.

कल्पित जिन्नसांना खरे पर्याय: खुरबीच्या बियांऐवजी बदाम, निळोलीऐवजी गोकर्णाची वाळलेली फुले, चुकरीच्या आंबट फळांऐवजी लिंबाचा रस. गोडमुळी या कंदाच्या साखरेऐवजी नेहमीची साखर चालते. १७४७ मध्ये आंद्रेआस मार्कग्राफ यांनी बीटच्या मुळातली साखर आणि उसाची साखर एकच असल्याचे दाखवले होते, त्यामुळे कंदाची साखर हा जगाच्या नियमांत बसणारा आणि रसायनालाही धरून असलेला मार्ग आहे.

६ जून

अगर-अगरचे (जेली घट्ट करणाऱ्या, शेवाळापासून केलेल्या पुडीचे) वागणे आधी नीट लिहून ठेवतो, कारण पुढचे सगळे त्यावर उभे आहे. तापमाने सगळीकडे सेल्सिअसमध्ये.

पूड थंड पाण्यात भिजवून, ढवळत उकळी आणावी आणि २ ते ३ मिनिटे उकळू द्यावे. नुसते गरम पाणी पुरत नाही. न विरघळलेले कण तळाशी बसतात, वरचा भाग ढिला राहतो आणि खाली रवाळ पट्टा तयार होतो. मिश्रण ३५ ते ४० अंशांच्या आसपास घट्ट होते, पण एकदा घट्ट झाले की पुन्हा वितळायला ८५ अंशांच्या घरात जावे लागते. हे अंतर थरांच्या कामात फार मोलाचे आहे. खालचा थर बसलेला असताना वर ६५ अंशांचे द्रव ओतले तरी खालचा वितळत नाही. तोटाही यातच आहे. वितळत नाही म्हणून थर एकमेकांत मुरत नाहीत आणि सुट्या चकत्यांसारखे घसरतात.

आंबट पदार्थ अगर-अगरबरोबर कधीही उकळायचा नाही. आम्ल आणि उष्णता मिळून त्याचे लांब रेणू तोडतात, जेली लिबलिबीत होते.

नोंदवहीसाठी: बेटांवर अगर-अगर हिवाळ्यातच बनते. शेवाळ उकळून, गाळून, थिजवून चकत्या रात्री छपरावर टाकतात. रात्री गोठते, दिवसा वितळते, पाण्याबरोबर रंग आणि वास निघून जातो आणि शेवटी कागदासारखी हलकी पट्टी उरते. खऱ्या जगातही अगर-अगर पूर्वापार असेच गोठवून-वितळवून शुद्ध करत आले आहेत. म्हणून मेळभरती उन्हाळ्यात आली तरी दुभरतीची तयारी थंडीतच सुरू झालेली असते.

११ जून

पांढरा थर. साचा सुट्या तळाचा, आतला व्यास १८ सेंमी, उंची ५ सेंमी. या व्यासाला १ मिमी जाडीसाठी सुमारे २५ मिली द्रव लागते. हा आकडा पाठ असावा, पुढे सगळीकडे लागतो.

बदाम १५० ग्रॅम, ८ तास भिजवून सोललेले. ५०० मिली पाण्यात अगदी बारीक वाटून सुती फडक्यातून दोनदा गाळावे आणि त्यातले ४६० ग्रॅम दूध मोजून घ्यावे. अगर-अगर पूड ६ ग्रॅम, पाणी २५० मिली, फिका मध ९० ग्रॅम.

बदामाचे दूध उकळायचे नाही, उकळले की ते दाटते आणि फुटते. ते ४५ अंशांपर्यंत कोमट करून ठेवावे. अगर-अगर वेगळ्या पाण्यात उकळावे. उकळताना उडालेले पाणी भांड्यासकट वजन करून भरून काढावे, नाहीतर दर वेळी थराचा घट्टपणा वेगळा येतो. मग उकळते अगर-अगर बारीक धारेने कोमट दुधात ओतत ढवळावे. दूध थंड असेल तर धार पडताच तिथल्या तिथे तंतू आणि गाठी होतात, आणि त्या गाळून काढल्या की अगर-अगरचे प्रमाणही बिघडते. शेवटी मध. तो मुळात आम्लधर्मी असतो, त्यामुळे उकळत्या अगर-अगरमध्ये किंवा फार गरम दुधात घालू नये. सगळे एकत्र झाल्यावर मिश्रण ६० अंशांच्या आसपास येते, तेव्हाच साच्यात ओतावे. थर सुमारे ३ सेंमी जाड बसतो.

साच्याच्या सांध्यातून गळती होते. त्यावर उपाय: मिश्रणाचे दोन चमचे आधी काढून ब्रशने आतल्या सांध्यावर फिरवावेत, मिनिटभर थिजू द्यावेत, मग बाकीचे ओतावे. आतल्या कडेला पारदर्शक अॅसिटेटची (एक प्रकारच्या प्लॅस्टिकची) पट्टी आधीच लावलेली असावी. तिचे काम शेवटी येते.

१२ जून

बदामाऐवजी नारळाचे दूध तपासले आणि सोडले. गरम ओतल्यावर स्निग्धांश वर तरंगतो आणि थराचे आपोआप दोन पट्टे होतात: खाली धूसर, वर पांढरा तेलकट. त्या तेलकट पृष्ठावर निळा थर अजिबात धरत नाही. शिवाय कडक हिवाळ्याच्या बेटांवर नारळ पिकणारही नाही.

१८ जून

निळा थर. वाळलेली गोकर्णाची फुले ४ ग्रॅम, हिरवे देठ काढून. ७५ ते ८० अंशांच्या ११० मिली पाण्यात ६ मिनिटे ठेवून पिळून गाळावे, ९० ग्रॅम अर्क घ्यावा. उकळत ठेवल्यास पाल्याचा वास येतो. अगर-अगर १.२ ग्रॅम ६० मिली पाण्यात वेगळे उकळून, वजन भरून काढून, त्यात कोमट अर्क मिसळावा. मीठ पाऊण ग्रॅम. यातले निम्म्याहून कमीच लागते, पण याहून कमी प्रमाणात केले तर उकळताना पाणी इतके झपाट्याने उडते की अंदाज राहत नाही. अगर-अगरसाठी ०.०१ ग्रॅम दाखवणारा छोटा वजनकाटा हवाच.

यात गोड काहीही नाही, आणि हे मुद्दाम आहे. मध घातला तर त्याचा पिवळेपणा निळ्याला हिरवट करतो आणि आम्लपणा जांभळ्याकडे ओढतो. माल्टचा (मोड आणलेल्या जवाचा) पाक घातला तर रंग थेट गढूळ होतो. म्हणून नोंदवहीत लिहिले: दुभरतीचा समुद्र खारट असतो, गोडी त्याच्या वरून आणि खालून येते. नियम चवीच्या बाजूने सुचला नव्हता, रंग वाचवताना मिळाला, आणि चवीलाही तो उत्तम ठरला. किंचित खारट थरामुळे बदाम-मधाचा गोडवा उचलून दिसतो.

निळा थर विधीच्या दिवशीच ओतायचा, फार तर तीन-चार तास आधी. रात्रभर ठेवला तर निळा रंग पांढऱ्यात उतरतो आणि मधली रेघ पुसट होते. पांढरा मात्र आदल्या दिवशी केलेला चालतो.

आदल्या दिवशीच्या थंड पांढऱ्या थरावर पाणी सुटलेले असते. तसेच ओतले तर निळा थर कापताना सालीसारखा अख्खा निघून येतो. पांढरा थर तासभर बाहेर काढून खोलीच्या तापमानाला आणावा, स्वच्छ फडक्याने हलक्या हाताने टिपावा, पृष्ठभाग काट्याने खरवडावा आणि निळा ६५ ते ७० अंशांना, चमच्याच्या पाठीवरून ओतावा.

२२ जून

आता प्रकल्पाचा गाभा. गोकर्णाचा निळा रंग आम्ल लागताच जांभळा, जास्त आम्लाला गुलाबीसर होतो. आधीच्या मसुद्यात लिहिले होते की पाक ओतताच समुद्र क्षणात जांभळा होतो. पेल्यातल्या पाण्यात हे खरे आहे, जेलीत नाही. जेलीत द्रव हलत नाही, ढवळले जात नाही, म्हणून आम्लाला एकेक कणाने झिरपत जावे लागते. आणि झिरपण्याचा नियम असा की दुप्पट खोली गाठायला चौपट वेळ लागतो.

सरळ भिंतीच्या काचेच्या पेल्यात निळी जेली थिजवून वर लिंबाचा पाक ओतला आणि बाजूने जांभळी कड मोजली. खोली २५ अंश. १ मिमीला सुमारे ३ मिनिटे, २ मिमीला सुमारे १२, ४ मिमीला पाऊण तासाहून अधिक. फ्रिजमधून थेट काढलेल्या जेलीत याहून बराच जास्त वेळ, कारण थंडीत झिरपणेही मंदावते.

मसुदा बदलला. मेळभरतीचे कवन पाक ओतल्यावर सुरू होते आणि जांभळा रंग पांढऱ्याला टेकला की संपते. म्हणजे कवनाची लांबी थराच्या जाडीने ठरते. २ मिमी हे प्रमाण धरले: सुमारे १२ मिनिटे, गायला पुरेसे आणि उभे राहायला सोसवेल इतके. ज्या बंदराचे कवन लांब, तिथला निळा थर जाड. अर्ध्या मिमीचा फरकही मोठा पडतो, २.५ मिमीला जवळपास १९ मिनिटे लागतात. बेटांवर दुसऱ्या बंदरचा स्वयंपाकी आणला तर कवन आणि रंग जुळत नाहीत, हे वाक्य नोंदवहीत घालताना काही रचावे लागले नाही.

२३ जून

२ मिमीचा थर एकसारखा पसरायला साचा पाणसळीत हवा. १८ सेंमी व्यासात एका बाजूला १ मिमीचा उतार असेल तर एका कडेला १.५ आणि दुसऱ्या कडेला २.५ मिमी थर बसतो. मग एक कड ७ मिनिटांत जांभळी होते, दुसरी १९ मिनिटांना. ओट्यावर पाणसळ ठेवून तपासावे, साच्याखाली कागदाच्या घड्या देऊन उतार काढावा, आणि ओतल्यावर थर बसेपर्यंत साचा हलवू नये. पांढरा थरही याच जागी, याच दिशेने ठेवून थिजवलेला असावा.

यातून नियम निघाला: दुभरती कधीही बोटीवर थिजवत नाहीत. सोपवणी बोटीवर होते, पण ताट किनाऱ्यावरून येते.

२९ जून

थर धरून राहावा म्हणून पांढऱ्या पृष्ठावर काट्याचे ओरखडे काढत होतो. ते वेडेवाकडे न काढता रुंद दातांच्या फणीने लाटांच्या समांतर रेषा ओढल्या: २ मिमी रुंद, २ मिमी खोल, मधे १ सेंमी अंतर. निळे द्रव रेषांत भरले की तिथे जाडी ४ मिमी होते आणि रेषा गडद दिसतात. पण खरी गंमत पाक ओतल्यावर दिसते. १२ मिनिटांनी सपाट भाग जांभळा होऊन जातो आणि लाटांच्या रेषा निळ्याच राहतात, कारण त्यांच्या तळापर्यंत पोचायला चौपट वेळ हवा. म्हणजे कवन संपताना लाटा आपोआप उमटलेल्या असतात. थोरलीच्या रंगाखाली धाकटीची ओढ शिल्लक, असा अर्थ बेटकरी त्याला देतात.

रेषांमुळे निळे मिश्रण सुमारे १० मिली जास्त लागते. २ मिमीसाठी ५१ आणि रेषांसाठी १०, मिळून ६१ मिली. फणीचे दात टोकदार असतील तर जेली फाटून तुकडे उचलले जातात, बोथट दात वापरावेत आणि प्रत्येक ओढीनंतर पुसावेत. ३ मिमीपेक्षा खोल रेषेवर कापताना पांढरा थर तडकतो.

४ जुलै

खडप. साखर २०० ग्रॅम, माल्टचा पाक ७० ग्रॅम, मध ३० ग्रॅम, पाणी ६० मिली, खाण्याचा सोडा ८ ग्रॅम. जाड बुडाचे मोठे पातेले, कारण फुगल्यावर मिश्रण चार-पाचपट होते. साखर विरघळेपर्यंत ढवळावे, नंतर चमचा लावू नये. कडेला चिकटलेले दाणे ओल्या ब्रशने धुवावेत, नाहीतर पाक रवाळतो. पाक गोळीबंदच्या बराच पुढे, १४८ ते १५० अंशांवर न्यावा. थेंब थंड पाण्यात टाकला की कट्‌कन मोडला पाहिजे. १४० च्या आसपास थांबलो तर खडप दाताला चिकटते, १५५ च्या पुढे मध जळून कडवट होतो. आच बंद, चाळलेला सोडा एकदम घालून चार-पाच झटक्यांत ढवळावे आणि लगेच कागद लावलेल्या २० सेंमीच्या डब्यात ओतावे. जास्त ढवळले किंवा डबा आपटला तर बुडबुडे बसतात आणि दगड होतो. सोड्याच्या गाठी राहिल्या तर त्या जागी साबणाची चव येते.

साखर पूर्ण काढून फक्त मध आणि माल्ट वापरले तर खडप करकरीत राहतच नाही. मधातले फ्रुक्टोज हवेतला ओलावा ओढते, काही मिनिटांत पृष्ठभाग चिकट होतो. गोडमुळीची साखर जगात आणावी लागली ती यासाठी.

सोड्याबद्दल एक बारकावा. शेवाळाची राख धुऊन मिळतो तो धुण्याच्या सोड्याच्या जातीचा क्षार. तो खाण्याच्या सोड्यासारखा नुसत्या उष्णतेने वायू सोडत नाही, त्याला आम्ल लागते. म्हणून बेटकरी पाकात आधी चुकरीचा रस घालतात. प्रत्यक्षात मात्र खाण्याचा सोडाच वापरायचा. राखेचा क्षार घरात करून खाण्यात घालू नये, त्याचे प्रमाण आणि शुद्धता कळत नाही.

थंड झाल्यावर वरचा फुगीर भाग दातेरी सुरीने सपाट कापावा. हवाबंद डब्यात ठेवावे, पावसाळी हवेत तर क्षणभरही उघडे नको.

९ जुलै

जुळणी. ताटात २० सेंमीचे खडप, त्यावर १८ सेंमीची जेली साच्याच्या कड्यासकट, चहूकडे १ सेंमी खडप दिसत राहते. साच्याचा तळ काढताना जेलीखाली तेलाचे बोट फिरवलेला पातळ पत्रा सरकवावा, खडपावर नेऊन पत्रा बाजूने ओढून घ्यावा. जेली टेकताच खडपाचा वरचा भाग ओलावून चिकट होतो आणि जेलीला धरून ठेवतो, त्यामुळे ताट उचलले तरी ती घसरत नाही. म्हणून ठेवतानाच मध्य साधावा, नंतर सरकवता येत नाही.

पाक: लिंबाचा गाळलेला रस ५० मिली, मध ५० ग्रॅम, न तापवता मिसळलेला. एकूण साधारण ८५ मिली, म्हणजे पृष्ठावर ३ मिमीहून थोडा अधिक थर. कडे आणि अॅसिटेटची पट्टी जागेवर असतानाच चमच्याच्या पाठीवरून ओतावा. पातळ धार एका जागी पडली तर तिथे खड्डा पडतो.

कवन संपले की कडे उचलायचे, मग पट्टी ओढायची. पाक चारी बाजूंनी खाली उतरतो आणि खडपाच्या उघड्या कडेवर पडतो. खडपात उरलेला क्षार आणि पाकातले आम्ल भेटताच बारीक फेस येतो. खडकावर लाट फुटल्याचा हा देखावा कुणी वेगळा घडवलेला नाही, शिवाय त्याने खडपाची सोड्याची चवही मारली जाते. जगात पट्टीच्या जागी तेल लावलेले रुंद शेवाळाचे पान असते आणि ते नवा सुकाणूदार स्वतः ओढतो.

उलट क्रम केला, म्हणजे खडपाचा चुरा निळ्या थरावर शिंपडला, तर क्षारामुळे निळ्याचे हिरवट डाग पडतात. खडप फक्त खाली.

कापण्यासाठी सुरी गरम पाण्यात बुडवून पुसून घ्यावी, जेलीतून सरळ खाली दाबावी आणि खडपाला टेकल्यावर एक ठोका द्यावा. करवतीसारखी फिरवली तर थर सुटतात.

१३ जुलै

सुरक्षा आणि साठवण. यात बदाम आहे हे ताटापाशी ठळक लिहावे. एक वर्षाखालच्या बाळाला देऊ नये, कारण मधात बोट्युलिझमच्या जिवाणूंचे बीजाणू असू शकतात. पांढरा थर ५ अंशांखाली झाकून ठेवावा, २४ तासांत संपवावा. गोठवू नये: बर्फाचे स्फटिक जाळी फोडतात आणि वितळल्यावर सगळे पाणी बाहेर येते. अगर-अगर शुद्ध करताना हेच उपयोगी पडते, इथे मात्र पदार्थाचा चोथा होतो. ॲल्युमिनियमचे कडे किंवा ताट नको, लिंबाचा रस त्याला खातो.

१७ जुलै

विधीच्या दिवसाचा क्रम पक्का केला. पाच तास आधी पांढरा थर बाहेर. चार तास आधी टिपणे, फणी फिरवणे, निळा ओतणे. अर्ध्या तासात बसला की झाकून पुन्हा थंडीत. तासभर आधी पुन्हा बाहेर, म्हणजे विधीच्या वेळी जेली खोलीच्या तापमानाला असते आणि कवनाचे गणित जुळते. खडपाचा डबा अगदी शेवटी उघडायचा, जेली ठेवण्याच्या पाच मिनिटे आधी.

मोठ्या ताटासाठी २४ सेंमीचे कडे घेतले तर पांढरा थर, निळा थर आणि पाक १.७८ पट लागतात. जाडी मात्र तीच ठेवावी, कारण कवन व्यासाला बांधलेले नाही. खडप एकाच पातेल्यात दुप्पट करू नये. एवढा पाक सोडा पसरायच्या आत कडेला थिजू लागतो आणि मधोमध जास्त वेळ गरम राहून तिथले बुडबुडे बसतात. दोन वेळा करून दोन अर्धगोल जोडावेत. जोड मधोमध येतो आणि जेलीखाली झाकला जातो.